कोणता शेअर घ्यावा, हा दुसरा प्रश्न

मा. संपादक,

स. न. वि. वि.

‘सेन्सेक्स ८०० अंकांनी कोसळला’ असा मथळा आपल्या अंकात वरचेवर दिसतो. ८०० हा आकडा मोठा की लहान, हे मात्र त्यातून कळत नाही. सेन्सेक्स १९७८-७९ हे वर्ष १०० धरून मोजला जातो. तो ८० हजारांच्या घरात असताना ८०० अंक म्हणजे एक टक्का, आणि एका टक्क्याला बाजारात हलणे म्हणतात, कोसळणे नव्हे. २३ मार्च २०२० रोजी सेन्सेक्स ३,९३४ अंकांनी उतरला. ४ जून २०२४ रोजी, लोकसभेच्या मतमोजणीच्या दिवशी, तो ४,३९० अंकांनी उतरला. अंकांवर गेलो तर दुसरा दिवस अधिक वाईट. टक्क्यांत मात्र पहिला दिवस १३ चा होता आणि दुसरा पावणेसहाचा.

हे खुसपट काढणे नव्हे. मार्च २०२० मध्ये देशात सुमारे ४ कोटी डिमॅट (शेअर ठेवण्याची) खाती होती. २०२५ मध्ये ती २० कोटींच्या पुढे गेली. (एकेकाची दोन-तीन खाती असतात, त्यामुळे माणसे तेवढी नाहीत, तरी वाढ ती वाढच.) नोंदणीकृत गुंतवणूकदारांत महाराष्ट्र देशात पहिला आहे. म्हणजे आपल्या वाचकांतले कितीतरी जण या पाच-सहा वर्षांत बाजारात आलेले असणार. त्यांचा पहिला प्रश्न असतो, ‘कोणता घेऊ?’ बाजाराच्या पानावरची सदरे त्याच प्रश्नाला उत्तर देत बसतात. आमच्या मते तो दुसरा प्रश्न आहे. शेअर कसा घेतला जातो, तो कुठे ठेवला जातो, घेण्या-विकण्यात किती पैसे झिजतात आणि खात्याची किल्ली कोणाच्या हातात आहे, हे आधी समजले पाहिजे. नवख्याचे पैसे जातात ते बहुधा इथेच.

शेअर घ्यायला तीन खाती लागतात: बँकेचे, ट्रेडिंगचे आणि डिमॅट. ट्रेडिंग खाते ब्रोकरकडे असते. ते ऑर्डर बाजारापर्यंत नेते, एवढेच त्याचे काम. शेअर ब्रोकरच्या तिजोरीत नसतात. एनएसडीएल किंवा सीडीएसएल या दोन डिपॉझिटरींपैकी एकीच्या दप्तरी ते तुमच्या नावावर नोंदलेले असतात. डिमॅट क्रमांक १६ चिन्हांचा असतो. सुरुवातीला ‘आयएन’ ही अक्षरे असतील तर खाते एनएसडीएलमध्ये, सगळे आकडेच असतील तर सीडीएसएलमध्ये. ब्रोकरचे दुकान उद्या बंद झाले तरी डिमॅटमधले शेअर तुमचेच राहतात. ट्रेडिंग खात्यात पडून असलेली रोकड मात्र अडकू शकते, आणि तिच्यावर व्याजही मिळत नसते. म्हणून तिथे खरेदीपुरतेच पैसे न्यावेत. न वापरलेली रक्कम नियमानुसार ब्रोकरला महिन्याच्या किंवा तिमाहीच्या ठरलेल्या दिवशी तुमच्या बँकेत परत पाठवावी लागते. मधेच खात्यात पैसे जमा झाल्याचा संदेश येतो तो त्याचाच.

डिमॅटचे वार्षिक शुल्क साधारण तीनशे ते आठशे रुपये असते. ज्याच्या नावावर देशभरात एकच डिमॅट आहे आणि त्यातली शिल्लक ४ लाखांच्या आत आहे, त्याला मात्र ‘बेसिक सर्व्हिसेस’ डिमॅट खाते मिळते आणि त्यावर हे शुल्क शून्य असते. ४ ते १० लाखांपर्यंत वर्षाला १०० रुपये. ही सोय सप्टेंबर २०२४ पासूनच्या नियमांत आहे. ब्रोकरच्या जाहिरातीत ती सहसा दिसत नाही, खाते त्यात उघडले आहे ना ते विचारून घ्यावे.

अर्ज भरताना सगळ्यांत मोलाची ओळ मोबाइल क्रमांक आणि ईमेलची. गावात एखादा ओळखीचा एजंट ‘आणा कागद, मी करून देतो’ म्हणतो आणि सोय म्हणून स्वतःचाच ईमेल टाकतो, कधी क्रमांकही. मग कॉन्ट्रॅक्ट नोट (सौद्यांची आणि त्यांवरच्या खर्चाची पावती) त्याला जाते, बाजाराकडून संध्याकाळी येणारा सौद्यांचा संदेश त्याला जातो, ओटीपीही त्यालाच. दलालीतला वाटा मिळवण्यासाठी त्याने तुमच्या नावावर दिवसाला दहा सौदे केले तरी तुम्हाला ते कळेल शिल्लक संपल्यावर. क्रमांक आणि ईमेल स्वतःचाच हवा. ज्याला ईमेल वापरता येत नाही त्याने तो आधी शिकावा, खाते नंतर उघडावे.

त्याच अर्जात आणखी काही चौकटी असतात. ‘फ्युचर्स आणि ऑप्शन्स’ची, म्हणजे वायद्याच्या सौद्यांची, चौकट रिकामी सोडावी. ‘एमटीएफ’, म्हणजे ब्रोकरकडून कर्ज काढून शेअर घेण्याची सोय, हिलाही नकार द्यावा. त्या कर्जाचे व्याज वर्षाला साधारण १० ते १८ टक्के असते आणि भाव उतरला की ब्रोकर तुमचे शेअर न विचारता विकू शकतो. ‘डीडीपीआय’ नावाच्या कागदाने विक्री केलेले शेअर डिमॅटमधून काढण्याचा, तसेच तारण ठेवण्यासारख्या दोन-तीन कामांचा अधिकार ब्रोकरला मिळतो. तो देणे बंधनकारक नाही. न दिल्यास विकताना टीपिन (डिपॉझिटरीचा गुप्त क्रमांक) आणि ओटीपी टाकावा लागतो. अर्ध्या मिनिटाचे काम. वर्षातून चार वेळा विकणाऱ्याने हा अधिकार देऊन ठेवायची गरज नाही. नामनिर्देशन मात्र त्याच दिवशी करावे. घरोघरच्या कपाटांत आजोबांच्या नावाची कागदी शेअर सर्टिफिकेटे पडून आहेत. एप्रिल २०१९ पासून कागदी शेअरचे सर्वसाधारण हस्तांतर बंद झाले. सात वर्षे लाभांश कोणी उचलला नाही की तो लाभांश आणि ते शेअरही सरकारच्या गुंतवणूकदार संरक्षण निधीकडे जातात. परत मिळतात, पण वारसाचे दाखले जमवताना दम निघतो.

आता ऑर्डर. ॲपमध्ये ‘खरेदी’ दाबले की दोन प्रश्न येतात आणि दोन्हींत नवखा माणूस ठेचकाळतो.

पहिला, डिलिव्हरी की इंट्राडे. काही ॲपमध्ये डिलिव्हरीला ‘सीएनसी’ आणि इंट्राडेला ‘एमआयएस’ म्हणतात. इंट्राडेमध्ये पाचव्या हिश्श्याच्या रकमेत तेवढेच शेअर ‘मिळतात’, म्हणून तो स्वस्त पर्याय वाटतो. पण तो सौदा त्याच दिवशी उलटवायचा असतो. तुम्ही विसरलात तर बाजार बंद होण्याच्या दहा-पंधरा मिनिटे आधी ब्रोकरची यंत्रणा मिळेल त्या भावाला शेअर विकून टाकते आणि वर त्या कामाचे पन्नासेक रुपये लावते. दहा वर्षे ठेवायला म्हणून घेतलेला शेअर संध्याकाळी खात्यात का दिसत नाही, याचे उत्तर बरेचदा हे असते. डिलिव्हरीचे शेअर मात्र २०२३ पासून दुसऱ्या कामकाजाच्या दिवशी डिमॅटमध्ये येतात. सोमवारी घेतले, मंगळवारी आले. ते डिमॅटमध्ये पोचण्याआधीच मंगळवारी सकाळी विकले, आणि ज्याने तुम्हाला विकले त्यानेच शेअर दिले नाहीत, तर तुमचाही सौदा लिलावात जातो (म्हणजे ते शेअर दुसऱ्याकडून मिळेल त्या भावाने घेतले जातात) आणि भुर्दंड तुम्हाला बसतो. शेअर डिमॅटमध्ये दिसल्याशिवाय विकू नये, एवढे पाळले की हे टळते.

दुसरा प्रश्न, मार्केट ऑर्डर की लिमिट ऑर्डर. मार्केट म्हणजे ‘मिळेल त्या भावाने द्या’. मोठ्या कंपन्यांत यात काही पैशांचा फरक पडतो. लहान कंपनीत काय होते ते आकड्यांत पाहू. पडद्यावर भाव १०२ दिसतो आहे. विकणाऱ्यांची रांग अशी: १०२ ला ५० शेअर, १०३.५० ला ४०, १०७ ला १००, १०९ ला ६०. तुम्ही २०० शेअरची मार्केट ऑर्डर टाकलीत. पहिले ५० मिळाले १०२ ला, पुढचे ४० मिळाले १०३.५० ला, मग १०० मिळाले १०७ ला आणि शेवटचे १० तब्बल १०९ ला. सरासरी पडली १०५.१५. खरेदी होताक्षणी तुम्ही पडद्यावरच्या भावापेक्षा तीन टक्के वर बसलात. तिथे १०२.५० ची लिमिट ऑर्डर टाकली असती तर ५० शेअर मिळाले असते, उरलेले १५० वाट पाहत थांबले असते आणि साडेतीनला ऑर्डर आपोआप रद्द झाली असती. गमावले काहीच नसते. ही रांग प्रत्येक ॲपमध्ये ‘मार्केट डेप्थ’ या नावाखाली पाच ओळींत दिसते. खरेदी-विक्रीच्या भावांत एक टक्क्याहून जास्त फट दिसली तर त्या शेअरपासून नवख्याने दूर राहावे. रात्री टाकलेली मार्केट ऑर्डरही अशीच घातक. सकाळी सव्वानऊला बाजार उघडताना भाव कुठे असेल ते कोणाला ठाऊक.

लहान शेअरची आणखी एक खोड म्हणजे सर्किट. शेअरबाजार प्रत्येक शेअरला दिवसाच्या चढ-उताराची मर्यादा घालतो: २, ५, १० किंवा २० टक्के. (ज्यांचे वायदे होतात त्या मोठ्या शेअरना अशी पक्की मर्यादा नसते.) एखादा शेअर रोज ५ टक्के वर जाऊन थांबतो, म्हणजे विकणाराच नाही, आणि लोक भुलतात. तोच उलटला की रोज ५ टक्के खाली जाऊन थांबतो आणि घेणारा नसतो. तुमची विक्रीची ऑर्डर लाखो शेअरच्या रांगेत शेवटी उभी राहते. अशा वेळी ‘स्टॉप लॉस’ (भाव ठरावीक पातळीला उतरला की विकण्याची ऑर्डर) लावला होता हे सांगून उपयोग नाही. स्टॉप लॉसलाही समोर गिऱ्हाईक लागते.

खर्चाबद्दल ‘आमच्याकडे दलाली शून्य’ अशा जाहिराती आपल्याही अंकात येतात. दलाली शून्य म्हणजे खर्च शून्य नव्हे. समजा १० हजारांचे शेअर डिलिव्हरीत घेतले आणि हिशेब सोपा व्हावा म्हणून १० हजारांनाच विकले. रोखे व्यवहार कर, म्हणजे एसटीटी, ०.१ टक्का दोन्ही वेळा: २० रुपये. खरेदीवर मुद्रांक शुल्क ०.०१५ टक्के: दीड रुपया. शेअरबाजाराचे शुल्क शंभर रुपयांमागे एक पैसाही नाही. सेबीचे, म्हणजे बाजाराच्या नियामक संस्थेचे, त्याहून किरकोळ. विकताना डिमॅटमधून शेअर काढण्याचे ‘डीपी चार्जेस’ साधारण १५ रुपये, अधिक १८ टक्के जीएसटी: सुमारे १८. एकूण झाले चाळीसेक रुपये, म्हणजे ०.४ टक्के. हेच खाते अर्धा टक्का दलाली घेणाऱ्या ब्रोकरकडे असेल तर वर १०० रुपये दलाली आणि तिच्यावर १८ रुपये जीएसटी: एकूण १५८. शेअर १.६ टक्के चढेपर्यंत तुम्ही तोट्यातच.

यातले डीपी शुल्क नीट ध्यानात घ्यावे, कारण ते शेअरच्या संख्येवर नसून प्रत्येक कंपनीला, प्रत्येक दिवसाला लागते. एकाच दिवशी ५०० शेअर विकले तरी १८ रुपये, एक विकला तरी १८. हजार रुपयांचे शेअर विकणाऱ्याला या एकाच बाबीत पावणेदोन टक्के जातात. तेच चार दिवस थोडे-थोडे विकले तर चौपट. म्हणून घेताना थोडे-थोडे घेतले तरी चालेल, विकताना एका कंपनीचे एकाच दिवशी विकावे. हे सगळे आकडे कॉन्ट्रॅक्ट नोटमध्ये असतात. ती २४ तासांत ईमेलने येते. डीपी शुल्क तेवढे तिथे नसते, ते खातेउताऱ्यात सापडते. पहिल्या तीन-चार नोटा कागद-पेन घेऊन तपासाव्यात. पुढे डोळ्यांना सवय होते. शिवाय ज्या महिन्यात व्यवहार झाले त्या महिन्याचा ‘कॅस’ नावाचा एकत्रित उतारा डिपॉझिटरीकडून येतो (एरवी सहा महिन्यांतून एकदा). ब्रोकरच्या ॲपमधले शेअर आणि त्या उताऱ्यातले शेअर जुळतात का हे पाहणे, ही गुंतवणूकदाराने उतारा आला की करायची पाच मिनिटांची कामगिरी. न जुळल्यास आधी ब्रोकरकडे लेखी तक्रार, मग सेबीच्या ‘स्कोअर्स’ संकेतस्थळावर. तिथल्या तक्रारीला २१ दिवसांत उत्तर देणे बंधनकारक आहे.

कोणते पैसे लावायचे याबद्दल सगळे सारखेच सांगतात: सहा महिन्यांचा घरखर्च बाजूला, विमा काढलेला, महागडे कर्ज फेडलेले, मग उरतील ते. ते बरोबरच आहे. आम्ही फक्त मुदतीचा आकडा जोडतो. जानेवारी २००८ मध्ये सेन्सेक्स २१ हजारांवर गेला. त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात तो ८ हजारांच्या खाली दिसला. पुन्हा २१ हजार पाहायला नोव्हेंबर २०१०, दिवाळीचे मुहूर्ताचे सौदे उजाडले, आणि तेही टिकले नाहीत. शंभराचे चाळीस झाले की परत शंभर होण्यासाठी दीडशे टक्के वाढ लागते. साठ टक्के पडला म्हणून साठ टक्के वाढून भागत नाही. तीन वर्षांनी मुलीच्या प्रवेशासाठी लागणारे पैसे इथे आणू नयेत ते यासाठी.

आणि आता तो ‘दुसरा’ प्रश्न: घ्यायचे काय. पहिल्या वर्षी निफ्टी ५० किंवा सेन्सेक्सचा इंडेक्स फंड (त्या निर्देशांकातलेच शेअर त्याच प्रमाणात घेणारा म्युच्युअल फंड) घ्यावा, ‘डायरेक्ट’ योजनेतला. त्याचा वार्षिक खर्च बहुतेक ठिकाणी अर्ध्या टक्क्याच्या बराच आत असतो. तोच फंड ‘रेग्युलर’ योजनेत घेतला तर मध्यस्थाचे कमिशन दरवर्षी त्यातून कापले जाते. ईटीएफ, म्हणजे शेअरबाजारात विकला जाणारा फंड, घ्यायचा असेल तर तो शेअरसारखाच रांगेत विकला जातो; त्याचे मूल्य आणि बाजारभाव यांत फट पडू शकते, म्हणून तिथेही लिमिट ऑर्डरच. यात गंमत नाही अशी तक्रार ऐकू येते. गंमत नाही हे खरे.

स्वतंत्र शेअर घ्यायचेच तर आधी एक गैरसमज काढून टाकावा: भाव कमी म्हणजे शेअर स्वस्त. एमआरएफच्या एका शेअरचा भाव जून २०२३ मध्ये लाखाच्या पुढे गेला, पण कंपनीचे एकूण शेअर आहेत जेमतेम साडेबेचाळीस लाख. व्होडाफोन आयडियाचा शेअर कित्येक वर्षे दोन आकड्यांच्या आसपास घोटाळतो आहे, पण त्यांची संख्या १० हजार कोटींच्या वर आहे. भाव गुणिले शेअरची संख्या म्हणजे कंपनीची बाजारातली किंमत. ती पाहिल्याशिवाय स्वस्त-महाग बोलता येत नाही. दहा रुपयांचा शेअर वीसचा सहज होईल आणि लाखाचा दोन लाखांचा होणार नाही, ही समजूत गणिताला धरून नाही. बोनसचेही तसेच. एकास एक बोनस मिळाला की शेअर दुप्पट होतात आणि भाव निम्मा. नवे शेअर खात्यात यायला एखाद-दोन दिवस लागतात. तेवढ्या काळात ॲपमध्ये निम्मा तोटा दिसतो आणि त्या धास्तीने विकणारेही असतात. लाभांश कोणाला मिळणार हे ज्या दिवशी ठरते, त्या ‘रेकॉर्ड डेट’ला भावही साधारण तेवढा उतरतो. रेकॉर्ड डेटच्या दिवशी घेऊन लाभांश पदरात पडत नाही, आदल्या कामकाजाच्या दिवशीपर्यंत घ्यावा लागतो.

कंपनी पाहताना नफ्याच्या आकड्याआधी रोख प्रवाहाचे पान काढावे. पाच वर्षांचा नफा एका बाजूला मांडावा आणि कामकाजातून आलेली रोकड दुसऱ्या बाजूला. नफा वाढतो आहे आणि रोकड येत नाही, याचा अर्थ माल उधारीवर जातो आहे किंवा गोदामात पडला आहे. मग कर्ज पाहावे. मग प्रवर्तकांनी (कंपनीच्या मूळ मालकांनी) आपले किती शेअर तारण ठेवले आहेत ते. तारणाचा हा आकडा दर तिमाहीला शेअरबाजाराच्या संकेतस्थळावर फुकट मिळतो. भाव भागिले प्रतिशेअर कमाई, म्हणजे पीई, सगळ्यांना पाठ असतो, पण साखर आणि पोलादासारख्या धंद्यांत तो फसवतो. ऐन तेजीत कमाई फुगलेली असते म्हणून पीई सर्वांत कमी दिसतो, आणि घेऊ नये ती वेळ नेमकी तीच असते.

तरीही हे सगळे वाचून पुरत नाही. सत्यम कॉम्प्युटर सेन्सेक्समधली कंपनी होती. तिचे हिशेब नामांकित लेखापरीक्षकांनी तपासलेले होते आणि ताळेबंदात बँकेतली भरपूर रोकड दाखवलेली होती. ती रोकड नव्हतीच. ७ जानेवारी २००९ रोजी अध्यक्षांनी पत्र लिहून घोटाळा कबूल केला आणि १७९ रुपयांच्या आसपासचा शेअर एका दिवसात ४० वर आला. कितीही अभ्यासू छोट्या गुंतवणूकदाराला हे बाहेरून कळले नसते. त्यावर उतारा एकच: एका कंपनीत एकूण रकमेच्या पाच टक्क्यांहून जास्त ठेवायचे नाहीत. ज्याचे पाच टक्के सत्यममध्ये होते त्याचे त्या दिवशी चारएक टक्क्यांचे नुकसान झाले. ज्याने निम्मी पुंजी तिथे ठेवली होती, त्याचा हिशेब वाचकांनीच करावा.

आयपीओबद्दल, म्हणजे कंपनी पहिल्यांदा लोकांना शेअर विकते त्याबद्दल, थोडक्यात. पैसे स्वतःच्याच बँक खात्यातून अडवले जायला हवेत, दुसऱ्याच्या यूपीआयवरून केलेला अर्ज बाद होतो. एका पॅनवर एकच अर्ज. मागणी कित्येक पटींनी आली की छोट्या गुंतवणूकदारांत सोडत निघते आणि एकेकच लॉट (शेअरचा ठरलेला गठ्ठा) मिळतो; तिथे जास्त लॉट मागून संधी वाढत नाही. अर्ज करण्याआधी एवढे पाहावे की पैसे कंपनीला मिळणार की जुने भागधारक आपला माल विकून बाहेर पडणार. ‘ग्रे मार्केट’चा भाव छापू नये, अशी आपल्याला विनंती. तो बाजार अनधिकृत आहे आणि तिथले भाव तपासायची सोय कोणालाच नाही.

इंट्राडे आणि ऑप्शन्सबाबत मत देण्याचीही गरज नाही, सेबीचे आकडे पुरेत. २०२२-२३ मध्ये शेअरचे इंट्राडे सौदे करणाऱ्या दहांतल्या सात जणांना तोटा झाला. फ्युचर्स-ऑप्शन्समध्ये २०२१-२२ ते २०२३-२४ या तीन वर्षांत एक कोटीहून अधिक व्यक्तींपैकी ९३ टक्के तोट्यात गेल्या; सरासरी तोटा माणशी सुमारे दोन लाख, सगळ्यांचा मिळून १.८ लाख कोटींच्या वर. तरी तीन हजारांच्या वर्गात ‘रोज हजार रुपये’ कमवायला शिकवणारे फलक शहराशहरांत लागतच आहेत.

त्याहून वाईट म्हणजे नकली ॲप. व्हॉट्सॲपच्या गटात कोणी ‘प्राध्यापक’ रोज शेअर सुचवतो, गटातले शंभर जण नफ्याची चित्रे टाकतात (ते शंभर जण त्याचेच असतात), मग एका दुव्यावरून ॲप उतरवायला सांगतात. त्यात तुमचे पैसे तिप्पट झालेले दिसतात. काढायला गेलात की ‘आधी कर भरा’. खऱ्या ब्रोकरकडे कर आधी भरून पैसे काढण्याची पद्धतच नाही; प्राप्तिकर तुम्ही सरकारला भरता, ब्रोकरला नव्हे. तपासायच्या खुणा साध्या आहेत. ब्रोकरचा सेबी नोंदणी क्रमांक ‘आयएनझेड’ने सुरू होतो, गुंतवणूक सल्लागाराचा ‘आयएनए’ने, संशोधन विश्लेषकाचा ‘आयएनएच’ने. क्रमांक नुसता पाहू नये, सेबीच्या संकेतस्थळावर टाकून नाव जुळते का ते पाहावे, कारण खऱ्यांचे क्रमांक चोरून वापरले जातात. ऑक्टोबर २०२५ पासून नोंदणीकृत ब्रोकरच्या यूपीआय पत्त्यात ‘@’ या खुणेनंतर ‘व्हॅलिड’ हा शब्द आणि बँकेचे नाव येते. ‘सेबी चेक’ या सोयीवर तो पत्ता आणि खाते पडताळता येते. कोणा व्यक्तीच्या किंवा भलत्याच ट्रेडर्सच्या चालू खात्यात पैसे मागितले की तिथेच थांबावे. पैसे गेलेच तर लाजेपोटी दोन दिवस घालवू नयेत. १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवर त्याच तासाला फोन केला तर रक्कम पुढे सरकण्याआधी अडवता येण्याची शक्यता राहते.

कराचा नियम जुलै २०२४ मध्ये बदलला. १२ महिन्यांच्या आत विकले तर नफ्यावर २० टक्के. त्यानंतर विकले तर वर्षाला सव्वा लाखापर्यंतचा नफा करमुक्त आणि त्यापुढच्या नफ्यावर १२.५ टक्के. अकरा महिने वीस दिवस झालेला शेअर विकताना कॅलेंडर पाहावे. लाभांश नेहमीच्या उत्पन्नात धरला जातो. तोटा झाला असेल तर विवरणपत्र मुदतीतच भरावे, तरच तो पुढची आठ वर्षे नफ्यातून वजा करता येतो. कमाई नाही म्हणून विवरणपत्र न भरणारे नेमका हाच हक्क घालवतात. आणि कुतूहल म्हणून एक जरी इंट्राडे सौदा केला, तरी तो सट्ट्याचे व्यावसायिक उत्पन्न धरला जातो आणि पगारदार माणसाला साध्या विवरणपत्राऐवजी ‘आयटीआर ३’ भरावे लागते. दोनशे रुपयांच्या नफ्यासाठी सीएला दोन हजार.

आपल्याकडे मागणे तीन आहेत. सेन्सेक्सच्या मथळ्यात अंकांबरोबर टक्के छापावेत. ‘हे शेअर घ्या’ सांगणाऱ्या प्रत्येक सदराखाली लेखकाचा सेबी नोंदणी क्रमांक आणि तो शेअर त्याच्या स्वतःकडे आहे की नाही, हे छापावे. आणि एखाद्या सोमवारी त्या सदराला सुट्टी देऊन त्याच जागेत एक नमुना कॉन्ट्रॅक्ट नोट, ओळीओळीला बाण काढून, छापावी. पान कापून ठेवणारे वाचक आपल्याकडे अजून आहेत.

आपला,
एक नियमित वाचक, डोंबिवली